डॉक्टरांच्या दहाव्याची भाषणं

सुदाम गेल्याचा फोन मला इंदापुरात आला. पलीकडं तात्या होते, त्याच्या निवडणुकीची सगळी धावपळ करणारे त्याचे जुने कार्यकर्ते. "डॉक्टर गेले. दहावा नीरेच्या घाटावर. मोठमोठी माणसं भाषणाला येणार हायेत, तुमी बी दोन शब्द बोला," एका दमात सांगून ते मोकळे. तो कशानं गेला, हे मलाच विचारावं लागलं. सकाळी पेशंट तपासता तपासता, खुर्चीतच... मी फोन ठेवला आणि रडू येण्याआधी संताप आला. महिना होत आला, अजून उतरलेला नाही.

मेंढरांमागं फिरणाऱ्या बापाचा हा पोरगा शाळेत माझ्या बाकावर बसायचा. डॉक्टर होऊन त्यानं पणदऱ्यात दवाखाना थाटला आणि आसपासच्या गावांतली पोरं त्याच्या सुईला घाबरत वाढली. "सुदाम्या, बायका पोरांना बागुलबुवाऐवजी तुझं नाव सांगतात," म्हटलं की स्वारी खूश. नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला लोकांनीच त्याला जिल्हा परिषदेला उभा केला, गुलाल उधळून निवडून आणला आणि मग मेलेल्या माणसांनी त्याचा ताबा घेतला. आपल्याकडं पुढारी लग्नाला नाही आला तर एक वेळ चालतं. दहाव्याला आलाच पाहिजे, माईक धरून मयताचे गुण सांगितलेच पाहिजेत. दहावा सकाळी, दवाखानाही सकाळी. सुदाम घाटावर, पेशंट ओट्यावर! मयताचं नाव तात्या कानात सांगायचे, की हा "अतिशय मनमिळाऊ" म्हणून सुरू. मी नक्कल करून दाखवायचो आणि तो पोट धरून हसायचा.

एका सकाळी कोऱ्हाळ्याच्या एका तरुणाला उसात पाणी धरताना साप चावला. ट्रॅक्टरवर घालून त्याला दवाखान्यात आणलं, तर सुदाम नाही. ट्रॅक्टर तसाच बारामतीकडं वळवला. पोरगा वाटेतच गेला. त्याच्या दहाव्याला सुदाम हजर, मीही बरोबर. माईकवरच्या गुरुजींनी "आता आपले लाडके डॉक्टरसाहेब..." असं पुकारलं, तो पुढं झाला, आणि बायकांतून त्या पोराची आई उठली.

"डॉक्टर, आज बरं आलासा. माजं पोरगं तुमच्या दारात आणलं हुतं, तवा कुठं हुता?"

तात्यांनी मागून त्याचा सदरा ओढला. त्यानं माईक खाली केला.

"दुसऱ्याच्या दहाव्याला हुतो, आई."

कावळा शिवायच्या आतच आम्ही तिथून निघालो. त्यानंतर सकाळच्या वेळी तो दवाखान्यातून हलला नाही. तात्या कळवळायचे, "डॉक्टर, बरा झालेला माणूस इसरतो. दहाव्याला कोण आलं न्हाय, ते कुणी इसरत न्हाय." "न्हाय तर न्हाय," म्हणून हा पुढच्या पेशंटला जीभ दाखवायला सांगायचा. पुढच्या निवडणुकीत पडला. चांगला आपटला. पारावर मी माझ्या कानांनी ऐकलं, "मेल्यावर तोंड दावत न्हाय, त्याला कशापायी मत द्यायचं?" आणि निकालाच्या दुसऱ्या दिवशी हीच मंडळी कण्हत, खोकत त्याच्या ओट्यावर! मी म्हणालो, "सगळ्यांना जाड सुई लाव."

"गप बस," तो म्हणाला. "त्यातला एक तरी खरंच आजारी आसंल."

सुदामच्या दहाव्याला घाट माणसांनी भरला होता. त्याला पाडून निवडून आलेले सदस्य पहिल्या रांगेत. ते तर इतके गहिवरले की त्यांना पाणी द्यावं लागलं. मग माझं नाव पुकारलं. मी म्हणालो, "डॉक्टरांनी ज्यांना ज्यांना टोचलंय त्यांनी हात वर करा." लोक हसले, सगळ्या घाटाचे हात वर. सदस्यांचाही. "आता वरच ठेवा. मागच्या निवडणुकीत ज्यांनी त्यांना मत दिलं नाही, तेवढ्यांनी खाली घ्या."

एकही हात खाली आला नाही. पहिल्या रांगेतलाही नाही.

तात्या पुटपुटले, "आवरा आता, कावळं खोळंबल्यात." मी आवरलं नाही. सगळ्यांकडं बघत गप्प उभा राहिलो... आणि त्यांचे दंड दुखायला लागेपर्यंत माईक सोडला नाही.