बिनविरोध होऊ न दिलेला प्रभाग: अमरावतीहून अकोल्याच्या जुन्या शहरात

या ब्लॉगवर तुम्ही गड, घाट आणि ढाबे वाचायला येता. या वेळी मी महापालिकेच्या एका प्रभागात जाऊन आले. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पायी तासभर लागतो. तिथे बघण्यासारखं काय आहे, असं कोणी विचारलं तर मी भांडेन. मी रागात लिहिते आहे, हे आधीच सांगून ठेवते.

जायचं ठरलं ते आईच्या फोनमुळे. आई अमरावतीला असते. तिची धाकटी बहीण, माझी सुमनमावशी, अकोल्याच्या जुन्या शहरात. कित्येक वर्षं प्रशासकाच्या हाती असलेल्या महापालिकेच्या निवडणुका अखेर लागल्या होत्या आणि साठी ओलांडलेल्या मावशीने अपक्ष म्हणून अर्ज भरला होता. "घरात कोणी बोलून नाई राहिलं तिच्याशी," आई म्हणाली. "मले गुडघ्यानं जाता येत नाई. तू जाय." मी लॅपटॉप पिशवीत टाकला, घरून काम करते असं ऑफिसला कळवलं आणि निघाले.

पुण्याहून अमरावतीच्या गाडीचं आरक्षण लवकर करा, आणि थंडीत जात असाल तर शाल हाताशी ठेवा. पहाटे डब्यात दात वाजायला लागतात. सकाळी आईकडे आंघोळ केली, कोपऱ्यावरच्या गाडीवर दही-चटणीत बुडालेला गिलावडा खाल्ला (अमरावतीला जाऊन तो न खाणाऱ्यांशी मी बोलत नाही) आणि अकोल्याची एसटी पकडली. मूर्तिजापूरमार्गे दोन-अडीच तास लागतात. रस्ता आता गुळगुळीत आहे. खिडकीतून एकीकडे कापलेल्या तुरीचे ढीग आणि दुसरीकडे हरभऱ्याचं हिरवंगार शेत. बायकांना एसटीत अर्धं तिकीट आहे, हेही लक्षात ठेवा. बसस्टँडवरून मोर्णेचा पूल ओलांडून जुन्या शहरात जायला शेअर ऑटो मिळतो. बसण्याआधी भाव विचारा.

मावशीच्या दारात पांढऱ्या शर्टातली चार माणसं खुर्च्या टाकून बसली होती. तो अर्ज मागे घेण्याचा शेवटचा दिवस होता, तीन वाजेपर्यंतची मुदत. प्रभागातले एक वजनदार पुढारी आहेत, सगळे त्यांना भाऊ म्हणतात. महिला राखीव जागेवर त्यांची सून उभी होती. बाकीच्या बायकांचे अर्ज सकाळीच मागे घेतले गेले होते. उरली होती फक्त मावशी. प्रभागातल्या बाकीच्या तीन जागांवर भाऊंचे एकेकच उमेदवार उरले होते; मावशीने माघार घेतली की सूनही बिनविरोध, प्रभागात मतदानच नाही.

काका, म्हणजे मावशीचे यजमान, दारातच उभे होते. मला पाहून ओशाळल्यासारखे हसले आणि आत वळून म्हणाले, "सुमन, मी शब्द देऊन आलो. चाल आता, सही करून येऊ."

मावशी स्वयंपाकघरातून हात पुसत बाहेर आली. "माह्या नावाचा शब्द तुमी काहून देल्ला?"

चौघांतला एक गोड आवाजात म्हणाला, "मावशी, बिनविरोध झालं तं प्रभागाचंच नाव होते. निधी येते."

"प्रभागाचं नाव होते का भाऊच्या सुनेचं?" मावशीने खुंटीवरची कापडी पिशवी काढली. "मनू, आताच आली न तू? चाल, भाजी आणू."

आणि आम्ही खरोखर भाजी आणायला गेलो. मला वाटलं, दहा मिनिटांत परतू. मावशी बाजारात शांताबाई नावाच्या भाजीवालीच्या शेजारी पोत्यावर बसली, फोन बंद केला आणि वांगी निवडायला लागली. शांताबाई तिच्याच वयाची, खणखणीत आवाजाची. तिने काही विचारलं नाही, फक्त बसायला जागा करून दिली. मग मला कळलं, मावशी तीन वाजण्याची वाट बघत होती.

मोटरसायकली येऊन गेल्या. एकदा काका आले. टोमॅटोच्या ढिगापलीकडे उभे राहून म्हणाले, "लोक काय म्हणतीन?"

"थे लोक मतदानाच्या दिवशी सांगतीन," मावशी म्हणाली आणि काकांच्या हातात वांग्याची पिशवी दिली. ते पिशवी घेऊन गेले.

तेवढ्यात मला लघवीला जायची निकड लागली. बाजाराच्या कडेलाच 'महिला स्वच्छतागृह' अशी पाटी दिसली. गेले तर दाराला कुलूप, गंजून तांबडं झालेलं. परत येऊन विचारलं, तर शांताबाई हसली. "बाई, आमी सकायपासून पाणी पीत नाई. पेलं तं जाचं कुठी?" बाजूच्या दोघी-तिघींनी माना हलवल्या. एकीने सांगितलं, मूतखडा झाला होता तिला, डॉक्टर म्हणाले पाणी पीत जा.

मावशीने त्या कुलपाकडे पाहिलं. मग म्हणाली, "थे मीच बांधलं."

तीन वाजून गेल्यावर आम्ही घरी आलो. खुर्च्या रिकाम्या होत्या. काकांनी वांगी चिरून ठेवली होती, पण दोन दिवस ते मावशीशी बोलले नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी मावशी प्रचाराला निघाली. प्रचार म्हणजे ती, मी आणि गल्लीतल्या काही बायका. मी तिला म्हटलं, तुझा प्रभाग दाखव. मग आम्ही त्याची हद्द चालत गेलो. असदगडाच्या तटापाशी पर्यटक फोटो काढतात, तुम्हीही काढा. पण तिथून पुढे गल्लीत शिरा आणि नाल्याच्या कडेने चाला. मावशी चालता चालता सांगत होती.

पहिल्यांदा वॉर्ड छोटा होता, एका वॉर्डाचा एक नगरसेवक. तेव्हा एक मास्तर निवडून आले. सायकलवर फिरायचे, नाव घेऊन हाक मारायचे. नळ त्यांच्या काळात आले. पुढच्या वेळी वॉर्ड महिलांसाठी राखीव निघाला. काकांना उभं राहायचं होतं, ते राहू शकत नव्हते, म्हणून मावशीचा अर्ज भरला. ती निवडून आली. "मिरवणुकीत हार त्यांच्या गळ्यात होते," ती म्हणाली. "शिक्का त्यांच्याच खिशात. सभेले मी जाओ, पण काय बोलाचं थे घरून शिकून." पाच वर्षांत एकच काम तिने काकांना न विचारता केलं, ते बाजारातलं स्वच्छतागृह. त्यावरून घरात बरेच दिवस अबोला होता. त्यात कोणाला मतं दिसत नव्हती.

पुढच्या वेळी आरक्षण बदललं, मग हद्द बदलली, मग चार नगरसेवकांचा एक मोठा प्रभाग झाला. नाल्याच्या या बाजूची घरं एका प्रभागात, समोरची दुसऱ्यात. नाला तुंबला की दोन्ही बाजूंचे नगरसेवक पलीकडे बोट दाखवायचे. मावशीला पक्षाने तिकीट दिलं नाही. तिकिटं भाऊंच्या सांगण्यावरून वाटली गेली. आणि मग ती लांबलचक वर्षं, ज्यात नगरसेवकच नव्हते. नाल्याचं पाणी घरात शिरलं तेव्हा लोक ऑफिसात गेले. तिथे उत्तर मिळालं, सध्या लोकप्रतिनिधी नाहीत, निवडणूक झाली की बघू. म्हणजे निवडणूक नाही म्हणून जवळजवळ चार वर्षं लोकांनी गुडघाभर घाण पाण्यातून भांडी उचलायची, आणि निवडणूक आली की चार माणसांनी खुर्च्या टाकून ती होऊच द्यायची नाही! माझं डोकं तिथेच, नाल्याच्या कठड्यापाशी भडकलं. मी काहीतरी मोठ्याने बोलले असेन, कारण समोरच्या ओट्यावरच्या म्हाताऱ्या आजोबांनी, "काय झालं व माय?" म्हणून विचारलं.

दुपारी मावशी, शांताबाई आणि आणखी काही भाजीवाल्या स्वच्छतागृहाची किल्ली मागायला झोनच्या ऑफिसात गेल्या. मीही मागोमाग. टेबलामागच्या साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि सांगितलं, "आता आचारसंहिता चालू आहे. नवीन सुविधा सुरू करता येत नाही."

"नवीन?" मावशी म्हणाली. "थे बांधून पोरं कॉलेजात गेले."

"उद्घाटन झाल्याची नोंद नाही, मॅडम."

शांताबाईने टेबलावर दोन्ही हात टेकले. "साहेब, तुमचं संडास कुठी हाय? तितं आचारसंहिता नाई का?" साहेबांनी फायलीत डोकं घातलं.

आम्ही परत बाजारात आलो. कोणी ठरवलं असं नाही. शांताबाईने तराजूतलं दोन किलोचं वजन उचललं, चालत गेली आणि कुलपावर हाणलं. तिसऱ्या घावाला कुलूप खाली पडलं. आत काय होतं? भाऊंच्या मागच्या प्रचाराचे बॅनर, गुंडाळून छतापर्यंत रचलेले, आणि प्लास्टिकच्या खुर्च्या. मला आदल्या दिवशीच्या त्या चार खुर्च्या आठवल्या. बायकांनी सगळं बाहेर रस्त्यावर काढलं. नळाला पाणी नव्हतं. कोणीतरी समोरच्या दुकानातून बादल्या आणल्या. त्या दिवशी बाजारातल्या बायका पाळीपाळीने आत गेल्या, बाहेर आल्या आणि पाणी प्यायल्या. मी प्रवासात बरंच काही पाहिलंय. पण एवढ्या साध्या गोष्टीचा आनंद माणसांच्या तोंडावर पाहून इतका संताप मला कधी आला नव्हता.

संध्याकाळी मावशीविरुद्ध आचारसंहिता भंगाची तक्रार झाली. चौकशीला पोलीस आले. तेव्हा काका पहिल्यांदा पुढे झाले. "घरातच हाय थे, कुठी पळून नाई चालली," असं म्हणून त्यांनी पोलिसांना चहा दिला. मावशीने त्यांच्याकडे बघितलं आणि साखरेचा डबा पुढे सरकवला.

नंतरचे दिवस मी अमरावतीला आईकडे राहून काम केलं. मावशी फोनवर सांगायची. संक्रांतीचे दिवस, भाऊंच्या सुनेचं हळदीकुंकू गल्लोगल्ली चाललं होतं, वाण म्हणून स्टीलचे डबे. मावशीने घरचा तिळगूळ वाटला. "डबा घ्या आन् मत मले द्या," असं ती बायकांना सांगत होती.

मतदानाच्या दिवशी मी पुन्हा अकोल्यात. शाळेच्या फाटकाबाहेर भाजीवाल्यांची रांग होती, बाजार बंद ठेवून आल्या होत्या. बोटावर शाई लावून घेताना शांताबाई म्हणाली, "बिनविरोध झालं असतं तं हे शाई दिसली नसती." काकाही रांगेत होते. कोणाला मत दिलं, ते कोणी विचारलं नाही.

मावशी हरली. गल्लीतली मतं तिला पडली, नाल्यापलीकडच्या वस्त्यांत ती कोणाला माहीतच नव्हती. हद्द आखणाऱ्यांनी आपलं काम चोख केलं होतं. मोजणीच्या ठिकाणी गुलाल उधळला. हार भाऊंच्या गळ्यात पडले. निवडून आलेली सून, पंचविशीतली पोरगी, डोक्यावरचा पदर सावरत मागे उभी होती, तिच्याकडे कोणाचं लक्ष नव्हतं. मावशी गर्दीतून वाट काढत तिच्यापर्यंत गेली. मला वाटलं, आता भांडण होणार.

मावशीने तिचा हात धरला. "सही कराच्या आंधी कागद वाचत जाय बाई. कोणी घाई केली तं मुद्दाम हळू वाच." पोरीने मान हलवली. तिचे डोळे भरून आले होते. तेवढ्यात कोणीतरी तिला फोटोसाठी ओढून नेलं.

परतीच्या गाडीत मला झोप लागली नाही. पुण्यात आले, कपडे धुतले, नेहमीच्या कामाला लागले, पण गडाचे फोटो लावायला मन होईना. मला हरल्याचं वाईट वाटत नाही. निवडणुकीत कोणीतरी हरतंच. राग याचा आहे की, हरायची संधी मिळवायलाच एका बाईला नवऱ्याशी, पुढाऱ्याशी आणि कुलपाशी भांडावं लागलं. आणि हा राग मला कमी करायचा नाही. अकोल्याला जाणार असाल तर जरूर जा, गड बघा, कचोरी खा. आणि तुमच्या स्वतःच्या प्रभागाची हद्द एकदा पायी चालून बघा.

काल मावशीचा फोन आला. नव्या महापालिकेची पहिली सर्वसाधारण सभा होती, ती प्रेक्षक गॅलरीत बसायला गेली होती. दारावरच्या शिपायाने विचारलं, बाई, तुम्ही कोण, कोणाकडून आल्या?

"मंग काय सांगतलं?" मी विचारलं.

"सांगतलं, मी पडलेली उमेदवार हाय. सभा संपेपर्यंत बसन."