दिवाणखान्याच्या उंबरठ्यावर

जुन्या घरात शब्द साचतात आणि शब्दांपाठोपाठ किस्से. अमेरिकेतल्या ट्रॉय शहराजवळ एका लाकूडव्यापाऱ्याची व्हिक्टोरियन काळातली हवेली आहे. आता तिचे संग्रहालय झाले आहे. दोन हजार चारच्या सुमारास, दवाखान्यातून निवृत्त झाल्यावर, मी तिथे दर शनिवारी हौशी मार्गदर्शक होतो. विषय एकच: त्या काळी या घरात संध्याकाळ कशी जात असे.

माझ्यामागून पुण्याचा शशांकही मार्गदर्शक म्हणून आला. एरवी तो आयटीत. दिवाणखान्यापाशी, म्हणजे ‘ड्रॉइंग रूम’पाशी, तो पाहुण्यांना बिनदिक्कत सांगे, की इथे घरच्या बायका चित्रे काढीत. मी त्याला बाजूला घेतले. मूळ शब्द ‘विथड्रॉइंग रूम’, म्हणजे उठून जाऊन बसायची खोली; जेवणानंतर पुरुष चिरूट ओढीत टेबलाशीच बसत आणि स्त्रिया उठून इकडे येत.

“काका, म्हणजे जेवून बायका सरळ विथड्रॉ? मग भांडी कोण घासायचं?”

मी त्याला तळघर दाखवले.

तळघरात नोकरांना बोलावण्याच्या घंटा ओळीने टांगल्या आहेत, प्रत्येक खोलीची एक. नागपूरहून मुलाकडे राहायला आलेल्या मालतीकाकू एका शनिवारी त्यांच्यासमोर बराच वेळ उभ्या होत्या.

“संध्याकाळ एकच हो, डॉक्टर. वर पियानो वाजायचा, खाली घंटा.”

इतके नेमके वाक्य मला कधी सुचले नव्हते. तुम्हीच मार्गदर्शक व्हा, म्हटले. दिवसभर रिकाम्या घरात खिडकीशी बसणाऱ्या काकूंचे डोळे लकाकले. मग इंग्रजीच्या धास्तीने विझले. व्यवस्थापिका हेलनबाईंसमोर एक फेरी इंग्रजीत काढून दाखवावी लागे. नापास, तर पुन्हा ती खिडकी.

काकूंनी भाषण पाठ केले. नात उच्चार तपाशी: “आजी, व्हिक्टोरियन. नॉट विक्टरी.”

परीक्षेच्या दिवशी दहा-बारा पाहुणे मागे घेऊन काकू दिवाणखान्याच्या दाराशी आल्या आणि पहिलाच शब्द विसरल्या. आयुष्यभराच्या सवयीने पायांनी मात्र आपले काम केले: काकूंनी सँडल काढून उंबरठ्याबाहेर ठेवल्या.

मागच्या एका आजोबांनीही बूट काढले. मग सगळ्यांनीच.

“त्या काळी ही पद्धत होती का?” आजोबांनी अदबीने विचारले.

काकूंना कंठ फुटला. “दिस हाउस, नो. माय हाउस, येस. प्लीज कम.”

हेलनबाईंनी दाराशी लागलेली बुटांची रांग पाहिली, आतला सव्वाशे वर्षांचा गालिचा पाहिला, आणि परीक्षेचा कागद घडी करून खिशात घातला.

“पुढच्या शनिवारी किती वाजता याल?” असे काकूंना विचारीत त्या आपल्या बुटांच्या नाड्या सोडायला वाकल्या.