आक्कांचा कोहळेपाक

दुपारचे दोन वाजून गेलेत. मधल्या खोलीत चटईवर मी नुसती पाठ टेकलीय. पंख्याची घरघर आधी डोक्यावर असते, मग हळूहळू लांब जाते, पलीकडच्या गल्लीत गिरणी चालू असावी तशी. पापण्या मिटतात, पुन्हा किलकिल्या होतात. समोर कॉटखाली ओळीनं नऊ कोहळे ठेवलेत. त्यांच्या सालीवर पांढरी भुकटी आहे, पावडर लावून निजवलेल्या तान्ह्या पोरांसारखी. डोळे मिटले तरी ते दिसत राहतात.

स्वयंपाकघरात विळीचा आवाज येतो. खच्च. खच्च.

घरात कुणी नाही. मुलगा आणि सून साताऱ्याला गेलेत. मी हे स्वतःला सांगते, पण उठून बसावंसं वाटत नाही. आवाज ओळखीचा आहे. घाई नसलेल्या बाईचा.

"हेमे, जागी आहेस का झोपलीस?"

"जागी आहे," मी म्हणते, आणि तेव्हाच मला कळतं की मी झोपले आहे.

द्वारकाआक्का पाटावर बसल्यात. एक गुडघा वर, विळीवर पाय. अंगावर ती फिकट निळी सुती साडी, पदर कमरेला खोचलेला. गेल्या चैत्रात आम्ही त्यांना स्मशानात पोहोचवून आलो. मीच त्यांच्या कपाळाला बुक्का लावला होता. आता त्याच कपाळावर घामाचे बारीक थेंब आहेत.

आक्का म्हणजे माझ्या थोरल्या जाऊबाई. कोरेगावात आमची दोन घरं पाठीला पाठ करून आहेत आणि मध्ये दोघांत मिळून एक परस. परस त्यांचंच म्हणायचं. मी शाळेत शिकवायची, माझ्या हातून तुळससुद्धा जगायची नाही. त्यांनी मात्र तेवढ्याशा जागेत लाल भोपळा, पपई, गाजरं, दोडके, काय काय काढलं. शेजारीपाजारी वाटून जे उरायचं ते त्या पाकात घालायच्या. भोपळ्याच्या फोडी, कच्च्या पपईचे लाल-हिरवे तुकडे, गाजराच्या चकत्या. आणि सगळ्यांत वरचा मान कोहळ्याला. दातांखाली आधी कुरकुर, मग गार गोड पाणी. काचेच्या बरणीतून उजेड पलीकडे दिसायचा.

"पाक दोनदा नासवलास," आक्का म्हणतात.

"हो."

"खीर झाली असंल."

"खीर बरी म्हणायची. लगदा झाला. सुनेनं विचारलं, आई, हे पोटीस कुणासाठी?"

आक्का हसतात. हसताना त्या तोंडावर पदर धरतात, पडलेला दात दिसू नये म्हणून. मी हे विसरून गेले होते.

"कुणाला विचारायचं नाही का?"

"कुणाला विचारणार? ज्यांना येत होतं त्या तर..."

आक्का फोडी करत राहतात. गाभा काढून टाकलेला, बिया बाजूला. यंदा हे वेल कुणी लावलेच नाहीत. पावसाळ्यात परसात आपोआप उगवले आणि भिंतीवर चढले. सतरा कोहळे धरले. दुकानांच्या दारांना बांधायला लोकांनी नेले, देवळात दिले, दोन मी नासवले, तरी नऊ उरले. टाकून द्यायला हात होईना.

"आता काटा घे," आक्का म्हणतात, "आन् एकेक फोड टोच. आरपार. नाहीतर पाक आत कुठनं जायचा?"

मी काटा घेते आणि मान वर करते, तर आम्ही माझ्या शाळेत आहोत. चौथी ब चा वर्ग. खिडकीतून तोच गंजका झोपाळा दिसतो. बाकांवर मुलं नाहीत, प्रत्येक जागी कोहळ्याची एकेक पांढरी फोड आहे, नीट ओळीत. मला याचं नवल वाटत नाही. मी रांगेतून फिरते आणि एकेकीला टोचत जाते. आक्का शेवटच्या बाकावर बसल्यात, गुडघे बाकाला टेकतायत, तरी हात घडी घालून बसल्यात.

"मी शाळेत कधी बसले नव्हते," त्या म्हणतात. "बरं वाटतंय."

"आक्का, मला तुमच्याशी बोलायचंय."

"बोल की. बाई तूच आहेस."

फळ्याकडे पाठ करून मी उभी राहते. तीस वर्षं मी इथं उभी राहून बोलले, आणि आता हातातला काटा नुसता फिरवत राहते.

नऊ वर्षांपूर्वी माझ्या मुलाला बघायला पुण्याचे पाहुणे आले होते. मी बाजारातून काजूकतली आणली होती, नवे कप काढले होते. आक्का मागच्या दारानं आल्या, हातात ताट. त्यात त्यांनी फोडी मांडल्या होत्या, लाल, हिरव्या, केशरी, आणि मध्ये कोहळ्याच्या पांढऱ्या. दोन दिवस खपल्या असतील. मुलीच्या आईनं विचारलं, हे काय आहे हो, किती सुंदर दिसतंय. आणि मी हसत हसत म्हटलं, "आमच्या आक्का काही वाया जाऊ देत नाहीत. गाईपुढं टाकायचं ते पाकात टाकतात आणि माणसांपुढं ठेवतात."

सगळे हसले. आक्काही हसल्या, पदर तोंडावर धरून. थोड्या वेळानं मी बघितलं तर ताट टीपॉयवर नव्हतं. एकही फोड कुणी खाल्ली नव्हती.

त्या दिवसापासून त्यांचा डबा माझ्या घरात आला नाही. नळ आलाय का, दूधवाला येऊन गेला का, एवढंच बोलणं उरलं. पाक त्या करत राहिल्या. साखर उकळल्याचा वास परसातून येत राहिला. गल्लीतली पोरं चघळत फिरायची. मी खिडकी लावून घ्यायचे.

"त्या दिवशी पाहुण्यांपुढं मी जे बोलले," मी वर्गात म्हणते, "ते..."

"चुना आणलास का?" आक्का विचारतात.

"काय?"

"चुना गं. पानाला लावत्यात तो. रातभर फोडी चुन्याच्या निवळीत बुडवून ठेवायच्या. मग घट्ट होत्यात, पाकात विरघळत नाहीत. तू तशाच उकळायला टाकल्यास."

"पुस्तकात नव्हतं लिहिलेलं."

"मग पुस्तकवाल्याला येत नसंल."

आक्का उठतात आणि बाक सरकवून बाहेर जातात. मी मागोमाग जाते. शाळेचा व्हरांडा संपतो तिथं आमचं परस लागतं. कोवळं ऊन. दगडी कुंड, त्यात दुधासारखं पांढरं पाणी, तळाशी फोडी. आक्का बाही सावरून हात घालतात आणि एक फोड काढून माझ्या तळव्यावर ठेवतात. बर्फासारखी गार, नखानं टिचकी मारली तर वाजणारी.

"आता धू. चांगली पाच-सात पाणी. चुन्याचा मागमूस राहता कामा नये, नाहीतर जीभ भाजंल."

मी धुते. पाणी ओतते, पुन्हा धुते. दर वेळी मला वाटतं की या पाण्याच्या वेळी आपण सांगून टाकू, आणि दर वेळी पाणी निघून जातं. शेवटी मी मान खाली घालूनच म्हणते, "आक्का, तुम्ही रुसला होतात ना माझ्यावर?"

मला वाटतं, त्या म्हणतील, छे गं, मी कशाला रुसू. जिवंत असत्या तर तसंच म्हणाल्या असत्या.

"रुसले होते," आक्का म्हणतात. "चांगली रुसले होते. नऊ वर्षं."

पाणी माझ्या हातावरून वाहत राहतं.

"मला लिहायला यायचं नाही, तुझ्यासारखं चार माणसांत बोलायला यायचं नाही. मला तेवढंच यायचं. तेच तू सगळ्यांपुढं गाईला घातलंस."

"चुकलं माझं."

"चुकलंच."

त्या रागानं बोलत नाहीत. फोडी फडक्यावर पसरता पसरता बोलतात, ऊन कुठल्या बाजूला आहे ते बघत. मला रडू येतं, आणि ते रडू स्वप्नातलं असल्यामुळं त्याला आवाज नाही, नुसती छाती भरून येते.

"आता माझं ऐक," आक्का म्हणतात.

परसाच्या कडेला दार आहे. त्यांच्या घराचं मागचं दार, हिरव्या रंगाचं. पण आता आम्ही त्याच्या आतल्या बाजूला आहोत, अंधाऱ्या स्वयंपाकघरात, आणि फटीतून बाहेरचं दिसतंय. बाहेर एक बाई उभी आहे. केस अर्धे पिकलेले, हातात रिकामी वाटी. ती कडी वाजवायला हात उचलते, खाली घेते, पुन्हा उचलते आणि दोनदा वाजवते. मी फटीला डोळा लावते. ती मीच आहे.

"गेल्या संक्रांतीच्या आधीची गोष्ट," आक्का माझ्या कानाशी म्हणतात. "तू वाटी घेऊन आलीस. मी इथंच उभी होते. तुझा श्वास ऐकू येत होता मला."

मला आठवतं. मी तीळ मागायला गेले होते. तीळ घरात होते. दोन वेळा कडी वाजवून मी परत फिरले होते, आणि आक्का बाहेर गेल्या असतील अशी मनाची समजूत घातली होती.

"मला कळलं होतं तू कशाला आलीस ते," आक्का म्हणतात. "चुलीवर पाक होता. म्हटलं, उभी राहू दे. आज नको, उद्या उघडू. कधी नाही ते माझी वेळ आली होती नाही म्हणायची. मग उद्या, परवा करता करता थंडी सरली. चैत्रात मीच गेले."

"आक्का..."

"तुझी चूक मोठी हाय. पण माझी काय ल्हान नाही."

बाहेरची बाई वाटी पदराखाली घेते आणि वळते. आक्का मला बाजूला करतात, पुढं होतात आणि कडी काढतात. दार उघडतं तेव्हा बाहेर कुणी नाही. नुसतं ऊन आत येतं, चुलीपर्यंत, आणि चुलीवरच्या पातेल्यात साखर रटरटत असते.

"ये," आक्का म्हणतात. त्या मला म्हणतात की बाहेर गेलेल्या तिला, ते कळत नाही. मी चुलीजवळ जाऊन बसते.

फोडी पाकात आहेत. हळूहळू त्यांचा पांढरेपणा जातोय. एकेक फोड आतून उजळते, काच होते. वास परसातून येत नाही, थेट अंगावर येतो. मी नऊ वर्षांचा श्वास एकदम घेते.

"झाला का बघू," आक्का म्हणतात.

पळीनं पाकाचा थेंब काढून त्या स्वतःच्या बोटावर घेतात. तार बघायला आपण अंगठा आणि बोट लावून ताणतो. त्या तसं करत नाहीत. आपलं बोट माझ्यापुढं धरतात.

"लाव."

मी माझ्या उजव्या हाताची तर्जनी त्यांच्या बोटाला लावते. बोट गरम आहे, जिवंत माणसाच्या बोटाएवढं गरम. आक्का हात हळूच मागं घेतात. आमच्या दोन बोटांमध्ये एक तार धरते, केसासारखी. त्या आणखी मागं सरकतात. तार तुटत नाही.

"एकतारी," मी म्हणते.

"आता चूल विझव. जास्त आटला तर दगड होईल."

"तुम्ही करा ना. थोडा वेळ बसा."

"माझा हात गुंतलाय," त्या म्हणतात आणि हसतात. या वेळी पदर तोंडावर धरत नाहीत.

त्या मागं मागं जातात, दारातून परसात, परसातून उन्हात. मी बोट हलवत नाही. श्वासही जपून घेते. तार लांबत जाते, दिसेनाशी होते, तरी तिची ओढ बोटाला कळत राहते.

मग ओढ थांबते.

पंख्याची घरघर जवळ येते. मी चटईवर आहे. उशीचा अभ्रा कानाखाली ओला झालाय. बाहेर कुणीतरी सायकलची घंटी वाजवत जातं. साडेतीन वाजलेत.

उजवा हात छातीवर आहे, तर्जनी वर धरलेली, कुणाला काही दाखवत असल्यासारखी. मी ती डोळ्यांजवळ आणते. बोटाच्या टोकावर साखरेचा एक थेंब वाळलाय. पारदर्शक, कडक. त्याच्या मधोमध एक बारीक शेपूट निघालंय, तुटलेल्या तारेचं, आणि ते मागच्या दाराच्या दिशेला वाकलंय.