पाहुण्याचा दोर

ओल्वारच्या कुरणात उभ्या असलेल्या त्या काळ्या सुळक्याला गावातली माणसं पाहुणा म्हणत. बोलावलं कुणीच नव्हतं, तरी तो येत होता. येताना कुणाला दिसला नाही. त्याच्या मागे खूण राहत नसे, पुढचं गवतसुद्धा मोडत नसे. मेंढ्या मात्र चरताना त्याच्याकडे पाठ करूनच उभ्या राहत.

तो किती सरकला हे नोरेमका सांगायची. वेशीच्या खुंटापासून पाहुण्यापर्यंत साठ वाव, म्हणजे साठदा दोन्ही हात पसरून मोजलेला, दोर बेचक्यांवरून ताणून ठेवायचा, त्याचा फास पाहुण्यावर लांब काठीने टाकायचा, आणि वर्षभर लक्ष ठेवायचं. दोर ढिला पडून गवताला टेकला की घरांची पुढची ओळ उठवायची. दारं, वासे, चुलीचे दगड, सगळं उचलून गावाच्या मागे न्यायचं. कारण सूर्य डोंगराआड जाण्याआधी पाहुण्याची सावली ज्या उंबऱ्याला लागे, त्या घरातल्या माणसांच्या डोक्यातून नावं जाऊ लागत. आधी वस्तूंची, मग एकमेकांची. पाहुण्याच्या अगदी जवळ गेलेल्याची तर एका दमात.

नोरेमकाची आईही दोरवालीच होती. आईच्या हाताखाली चिमटे खात ती दोर वळायला शिकली. पन्नाशी उलटली तरी दोर ओढून बघताना जिभेचं टोक दातात धरायची सवय गेली नव्हती. नवरा जिवंत होता तेव्हा म्हणायचा, "माझ्यापेक्षा त्या धोंड्याची काळजी जास्त." ती म्हणायची, "तो निदान घोरत नाही."

तीन वर्षांपूर्वी रोगाने गावातल्या सगळ्या बकऱ्या गेल्या. दोरासाठी लागणारे बकरीचे केस मिळेनात, म्हणून नोरेमकाने मेंढीच्या लोकरीचा दोर वळला. मऊ, जाड, देखणा. आणि नवल म्हणजे तेव्हापासून दोर ढिला पडलाच नाही. पाहुणा थांबला म्हणून गावाने मोठी मेजवानी केली. पंचांनी खुंटापुढच्या कुरणात घरं बांधायला परवानगी दिली. सगळ्यात पुढचं घर नोरेमकाच्या लेकीचं, सिल्वेतचं. तिला आठवा महिना लागला होता.

त्या दिवशी सकाळी नोरेमकाने येणाऱ्या नातवंडासाठी विणलेली लोकरीची दुलई धुतली. पिळून दोरीवर टाकली आणि बघतच राहिली. दुलई वीतभर आखडली होती.

लोकर आटते हे तिला का माहीत नव्हतं? जन्मभर मोजे धुतले होते. पण दोर म्हणजे दोर; तो अंगात घालायचा नसतो, म्हणून हा विचार तिच्या मनाला कधी शिवलाच नव्हता. तीन पावसाळे, तीन हिवाळे तो उघड्यावर भिजला होता.

ती तशीच ओल्या हातांनी कुरणात गेली. दोर वळताना प्रत्येक वावावर तिने लाल धागा बांधला होता. दोन धाग्यांमध्ये हात पसरले, तर एक हात धाग्याच्या पुढे गेला. वीतभर. पुढच्या धाग्यांतही तेवढंच. पाहुणा येत होता आणि दोर आखडत होता, म्हणून ताठ दिसत होता.

ती धावत सिल्वेतकडे गेली. सिल्वेत जवाची पेज ढवळत होती.

"आलीस? बरं झालं. ते दे ना जरा."

"काय?"

"ते गं. पांढरं. खारट." सिल्वेत हसली. "या दिवसांत डोकं कुठे जागेवर असतं!"

नोरेमकाने मिठाचं मडकं पुढे केलं. "बाळाचं नाव ठरवलं का गं?"

"त्याला विचारते म्हटलं."

"कुणाला?"

"अगं, त्यालाच. बाहेर लाकडं फोडतोय तो."

ओल्वारच्या बायका नवऱ्याला नावानेच हाक मारतात, तीही चार घरांना ऐकू जाईल अशी. लग्नापासून सिल्वेत दिवसातून वीसदा 'द्रोगान' म्हणून ओरडत होती.

"द्रोगान!" नोरेमकाच ओरडली. "हिला घेऊन वर चल. आत्ता."

"काय झालं, सासूबाई? पेज तरी खाऊ द्या."

"पेज गेली खड्ड्यात!"

आरडाओरडा ऐकून पंच बाल्तेश आला, मागे निम्मं गाव. नोरेमकाने सगळं सांगितलं. बाल्तेशने घराशेजारून गेलेल्या दोरावर बोट मारलं. दोर तारेसारखा वाजला.

"ताठ आहे, नोरेमका."

"आटलाय तो. माझी चूक झाली."

"अकरा घरं बांधलीत लोकांनी. एका दुलईपायी मोडायची?" तो खालच्या आवाजात म्हणाला, "आणि चुकलीस म्हटल्यावर दोराचं काम तुझ्या घरात राहील का? लेकीचा तरी विचार कर."

"तोच करतेय."

तिने सिल्वेतच्या घराच्या कोपऱ्यातली वावभर लांबीची मोजकाठी उचलली, खुंटापाशी गेली आणि पाहुण्याच्या दिशेने काठी टाकत निघाली. प्रत्येक काठीला मोठ्याने आकडा म्हणत. फास टाकताना दोरवाली जिथे थांबते, ती जागाही मागे पडली. "मावशी, बस झालं!" असं कुणीतरी ओरडलं. आकडे येत राहिले.

"एक्कावन्न. बावन्न."

पुढचा आकडा आला नाही. काठी गवतावर टेकवून ती वाकलेली तशीच राहिली. समोर हात लावता येईल इतका जवळ पाहुणा उभा होता.

साठ असायला हवे होते. ते कुणाला समजावून सांगावं लागलं नाही. द्रोगानने बायकोला वरच्या वाटेला लावलं आणि परत येऊन स्वतःच्या घराचं दार बिजागऱ्यांतून उचकटलं. मग शेजारच्याने. मग बाल्तेशही बाह्या सरसावून वासे उतरवायला लागला.

बऱ्याच वेळाने नोरेमका परतली. सावकाश, काठी ओढत. माणसं इतकी घाईत कुठे चाललीत, ते ती कौतुकाने बघत होती. कुणीतरी हातात दिलेलं चुलीचं मडकं तिने उलटंपालटं केलं, आणि हे कशासाठी असतं ते विचारावं की नाही, या विचारात पडली.

वरच्या वाटेवरून सिल्वेतने हाक मारली, "आई!"

सगळ्यांनी वळून पाहिलं, म्हणून नोरेमकानेही पाहिलं.