नवव्या पटावरची मराठी स्कोअरशीट

संदेशने घड्याळ थांबवलं आणि हात वर केला. मी तीन टेबलं ओलांडून पोहोचेपर्यंत समोर बसलेल्या जॉर्जियाच्या ग्रँडमास्टरने त्याचा खेळ्या लिहायचा कागद स्वतःकडे फिरवून घेतला होता. कागदावर बोट आपटत त्याने मला विचारलं, "व्हॉट इज धिस?"

कागदावर शेवटची ओळ होती : ह d7.

"ह म्हणजे हत्ती," मी म्हणाले. मराठीतच म्हणाले. मग भानावर येऊन इंग्रजीत सांगितलं. त्याचं समाधान झालं नाही.

मी बुद्धिबळाची आर्बिटर आहे, म्हणजे पंच. दोन माणसं तोंड मिटून खेळतात तिथे पंचाला काय काम, असं मला डोंबिवलीत शेजारपाजारच्यांनी शंभरदा विचारलंय. घड्याळं लावायची, मोबाइल काढून घ्यायचे, खोकणाऱ्याला पाण्याची बाटली द्यायची आणि भांडणं सोडवायची. ही स्पर्धा आमच्याच गावातल्या एका मंगल कार्यालयात होती. दुसऱ्या दिवशी तिथे लग्न होतं. मागच्या बाजूला आचाऱ्यांची पातेली उतरत होती आणि मी दोनदा जाऊन "अहो, जरा हळू" म्हणून आले होते.

संदेश विठ्ठलवाडीचा. चाळीत वाढला. तिथल्या विहाराच्या वाचनालयात त्याची मोठी बहीण पोरांना बुद्धिबळ शिकवायची. खेळ्या कशा लिहायच्या हे तिने फळ्यावर मराठीतच शिकवलं. राजाचा रा, वजिराचा व, हत्तीचा ह, उंटाचा उं, घोड्याचा घो. घरांची नावं मात्र जगभरात चालतात तीच, इंग्रजी अक्षर आणि आकडा. त्या वर्गातली बाकीची पोरं पुढे इंग्रजी अक्षरांवर गेली. हा गेला नाही. मी त्याला नऊ वर्षांचा असल्यापासून जिल्ह्याच्या स्पर्धांत पाहतेय. आता तो अडतीसचा आहे. खेळाडूंच्या कोट्यातून बँकेत लागला. पहाटे दोन तास सराव, मग नोकरी, संध्याकाळी शिकवण्या. हत्ती सरळ चालतो हे ज्यांना त्याने सांगितलं, त्यातले दोघे आज ग्रँडमास्टर आहेत.

तो स्वतः एक पायरी खालचा, इंटरनॅशनल मास्टर व्हायचाही राहिला होता. त्यासाठी तीन नॉर्म लागतात. नॉर्म म्हणजे, एका अख्ख्या स्पर्धेत तगड्या खेळाडूंसमोर ठरावीक दर्जाचा खेळ करून दाखवायचा. दोन त्याच्याकडे होते. तिसऱ्याने त्याला अकरा वर्षं तंगवलं होतं. आज शेवटची फेरी होती, आणि बरोबरी झाली तरी नॉर्म पक्का होता. पण पटावर तो एका प्याद्याने मागे होता आणि घड्याळात चार मिनिटं उरली होती.

त्याचा दावा असा होता की तीच स्थिती तिसऱ्यांदा येतेय. सोंगट्या त्याच घरांत आणि खेळी त्याच माणसाची, असं तीनदा झालं तर बरोबरी मागता येते. मागायची रीत ठरलेली आहे. खेळी आधी कागदावर लिहायची, पटावर करायची नाही, घड्याळ थांबवायचं आणि पंचाला बोलवायचं. नवखे घाईत खेळी करून मोकळे होतात आणि हक्क घालवतात. संदेशने सगळं रीतीप्रमाणे केलं होतं. अडचण अशी की ग्रँडमास्टरला दावा मान्य नव्हता आणि त्याच्या कागदावर मधल्या बऱ्याच खेळ्या गाळलेल्या होत्या, त्याबद्दल मी त्याला आधी बजावलंही होतं. पहिल्या पाच पटांवर सेन्सर असतात, खेळ्या आपोआप नोंदल्या जातात. हा नववा पट. म्हणजे पुरावा एकच, संदेशची स्कोअरशीट, आणि ती मराठीत.

मी चीफ आर्बिटरना बोलावलं. ते तमिळनाडूचे, कडक माणूस, हिंदी नुसती ऐकून शिकलेले. त्यांनी कागद हातात घेतला, चष्मा वर केला, खाली केला.

"मॅडम, मैं ये पढ़ नहीं सकता. चेक कैसे करेंगे? क्लेम रिजेक्ट कर दो."

"सर, ये नियम में बैठता है."

"कौन सा नियम?"

मी पर्समधून नियमांचं पुस्तक काढलं. माझ्या पर्समध्ये रुमाल नसेल एखादे दिवशी, पण ते असतं. शेवटच्या परिशिष्टात स्पष्ट लिहिलंय : खेळाडू सोंगटीच्या नावाचं अक्षर आपल्या भाषेतलं वापरू शकतो. सरांनी ते दोनदा वाचलं. ग्रँडमास्टरनेही वाचलं आणि खांदे उडवले.

"ओके," सर म्हणाले. "आप पढ़िए, मैं मोहरे चलाता हूँ."

इतर डाव चालू होते, म्हणून दोन्ही खेळाडूंना घेऊन आम्ही वधूपक्षाच्या खोलीत गेलो. तिथल्या आरशाला कुणाकुणाच्या टिकल्या चिकटलेल्या होत्या. दाराशी नाना उभे. कार्यालय त्यांचं. पूर्वी इथे त्यांची भातशेती होती. स्पर्धेला त्यांनी हॉल फुकट दिला होता, त्यामुळे त्यांना सगळीकडे येता येत होतं.

"मॅडम," ते माझ्या कानाशी म्हणाले, "पोर आपला हाय. इतकी वरसं झटलाय. द्या ना ड्रॉ, कोनाचं काय जातंय?"

"त्या माणसाचं जातं, नाना. तोही एवढ्या लांबून आलाय."

मी वाचायला सुरुवात केली. नाइट एफ-थ्री, बिशप बी-फाइव्ह. मी मराठी अक्षर बघून इंग्रजीत बोलायची आणि सर दुसऱ्या एका पटावर सोंगट्या हलवायचे. खरं सांगते, मला फार छान वाटत होतं. विठ्ठलवाडीच्या फळ्यावरची अक्षरं एका ग्रँडमास्टरसमोर पुरावा म्हणून वाचली जात होती, आणि ती वाचणारी मी होते. अक्षर इतकं नेटकं की एकही खेळी अडली नाही.

सत्तेचाळिसावी खेळी मी आधी मनात दोनदा वाचली. संदेश जी पहिली वेळ म्हणत होता, तेव्हा काळा राजा h8 वर नव्हता. शेजारच्या घरात, g8 वर होता. कागदावर स्वच्छ लिहिलेलं, रा g8. म्हणजे ती स्थिती एकदा आधी आली होती, आता दुसऱ्यांदा येत होती. तिसऱ्यांदा नाही.

खोटं वाचायचा विचार मनात आला का? आला. पण ते मला पेललं नसतं. शिवाय ग्रँडमास्टरपुढे टिकलंही नसतं, ही माणसं अख्खा डाव डोक्यात घेऊन फिरतात. मी वाचलं, "किंग जी-एट."

सरांनी राजा ठेवला आणि माझ्याकडे पाहिलं. पुढचं सगळं आम्ही पूर्ण तपासलं. काही बदललं नाही.

"संदेश, दावा चुकीचा आहे," मी म्हणाले. "समोरच्याला दोन मिनिटं वाढवून मिळतील. आणि लिहिलेली खेळी तुला करावीच लागेल."

नानांनी कपाळाला हात लावला. "तुमी आपल्या का परक्या वो?"

संदेशचा चेहरा पडला. पण तो एवढंच म्हणाला, "चालेल, मॅडम." पटाशी गेला, हत्ती d7 वर ठेवला आणि घड्याळ दाबलं.

मग सव्वा तास चालला तो डाव. प्रत्येक खेळीला तीस सेकंद जादा मिळतात, तो त्या तीस सेकंदांवर जगत होता. आणि प्रत्येक खेळी लिहीतही होता. रा, ह, रा, ह. ग्रँडमास्टरने प्यादं पुढे रेटलं, याने राजा आडवा घातला. त्याने बाजू बदलली, हाही तिकडे गेला. मी पंच. चेहऱ्यावर काही दिसू द्यायचं नाही, म्हणून मी पदराचं टोक मुठीत धरून उभी होते. हत्तींची मारामारी झाली, शेवटचं प्यादं पडलं आणि पटावर फक्त दोन राजे उरले. तिथे कुणी दावा करायला लागत नाही. बरोबरी आपोआप होते.

ग्रँडमास्टर उठला, हात मिळवला आणि संदेशच्या खांद्यावर थोपटलं. त्याने संदेशची स्कोअरशीट मागून घेतली आणि मोबाइल परत मिळाल्यावर तिचा फोटो काढला. नॉर्म झाला होता. मला इतका अभिमान वाटला की मी मागच्या दाराने बाहेर जाऊन आचाऱ्यांना म्हणाले, "आता वाजवा काय वाजवायचं ते."

संदेश बाहेर आला. हॉलमध्ये मी मॅडम, हॉलबाहेर काकू.

"काकू, मला खरंच तीनदा वाटलेलं."

"दोनदाच होतं."

"हो, तुम्ही वाचायला लागल्यावर आठवलं मला. राजा जी-आठवर होता. तेव्हापासून घामाघूम होऊन उभा होतो."

"मग बोलला का नाहीस?"

"तुम्ही काय वाचता ते बघत होतो," तो म्हणाला. "तुम्ही एच-आठ वाचलं असतंत, तर मीच बोललो असतो."

एवढी वर्षं मी इतरांची परीक्षा घेतेय असंच मला वाटत होतं. नवीन पंचांना आता मी एकच सांगते. नियम आपल्या माणसाच्या बाजूने असेल तेव्हा मोठ्याने वाचा. विरुद्ध असेल तेव्हा त्याहून मोठ्याने.