न धुतलेलं रीळ

पडद्यावर सरळ गोष्ट सांगणं मला तेव्हा हलकं वाटू लागलं होतं. लातूरला क्लासमध्ये पोरांना फिजिक्स शिकवायचो आणि सुट्टी मिळाली की खुद्द फिल्मच्या पट्टीचाच सिनेमा करायचो. बंद पडलेल्या टॉकीजमधून जुने तुकडे आणायचे, खरवडायचे, मातीत पुरायचे आणि मातीनं रंग खाल्ले की तेच पडद्यावर दाखवायचे.

माती निवडली ती मावशीच्या जुन्या गावची. भूकंपात पडलेल्या तिच्या घरातच मी पट्ट्या पुरल्या. ‘त्या मातीला आठवण आहे,’ असं मित्रांना ऐकवायचो. आता ते वाक्य आठवलं तरी कानशिलं तापतात.

त्या घरात मावशीची चार वर्षांची लेक गेली होती. काकांनी तिचे फोटो काढले होते, पण रीळ संपायचं होतं. संपल्याशिवाय धुवायला कोण टाकतं? ते कॅमेऱ्यासकट ढिगाऱ्याखाली राहिलं. लेकीचा दुसरा एकही फोटो नाही. हे घरात सगळ्यांना माहीत होतं. मलाही होतं.

पट्ट्या काढायला गेलो त्या दिवशी मावशी भूकंपानंतर वसवलेल्या नव्या गावातून चालत आली. मी खड्ड्यावर वाकलेलो. तिनं माझ्या हातातली पट्टी ओढूनच घेतली आणि उन्हाकडे धरली. जुन्या फिल्मचे बाकी रंग उडतात, लाल तेवढा टिकतो. तोही मातीनं विस्कटला होता.

“तिचाच फ्राक हाय,” मावशी म्हणाली. “लाल. सापडलं की रं! कवापासनं हुडकायलास, सांगितलं बी न्हाईस. चल औशाला, आजच धुवाय टाकू.”

गप्प बसावं असं क्षणभर वाटलं, त्याचीही लाज वाटते. “मावशी, हे माझंय,” मी म्हणालो. “मीच पुरलं होतं.”

“पुरलंस? कशाला?”

एरवी सिनेमाच्या माध्यमावर तास तास बोलणारा मी हातावरची माती झटकू लागलो.

तिनं पट्टी पदरानं पुसली आणि माझ्या हातात दिली. मग बाकीच्या खड्ड्यांकडे बघत म्हणाली, “मग खांदताना काय घावलं का रं हाताला?”

मी काहीच बघितलं नव्हतं. पहार कशाला तरी अडली की मी वैतागून जागा बदलायचो.