भावाच्या म्हशीचं ताक

निजामाच्या राज्यातलं फसली साल तेराशे त्रेपन्न, म्हणजे आताच्या मोजणीनं एकोणीसशे चव्वेचाळीस. मी चोवीस वर्षांचा होतो. वय आईनं सांगितलेलं, कागद कुठला असणार. शाळा मी दोन वर्षं पाहिली. तिसऱ्या वर्षी मास्तरानं छडी उगारली म्हणून पाटी त्याच्यासमोर फोडली आणि घरी आलो, तो परत गेलो नाही. तेव्हा लिहिण्यात चुका असतील, सांगण्यात नाहीत.

त्या साली आषाढात माझी बायको गेली. गावात कुणी म्हणालं महारोग, कुणी म्हणालं बाहेरचं लागलं. दोन्ही खोटं. तिला नुसत्या ज्वारीनं नेलं, आणि घरात नुसती ज्वारी ठेवणारा मी.

आदल्या साली पाडव्याला मी आणि थोरला भाऊ वेगळे निघालो होतो. आमचं गाव पालमच्या अंगाला. रान निम्मं-निम्मं झालं, बैलजोडी आणि गाडी मला आली, दुभती म्हैस त्याला. कुणी कुणाला फसवलं नव्हतं. पण पंच उठायच्या वेळी भाऊ हसत म्हणाला, "गाडी घेऊन जाय बाबा. ताकाला मातर तुज्या बायकोला माज्याच दारात यावं लागंल."

पंच हसले. तो चेष्टेनंच बोलला असंल. पण ते माझ्या डोक्यात गेलं. मी भर चावडीत बोललो, "तुज्या म्हशीचं ताक माज्या चुलीम्होरं आलं तर मी बापाचा न्हाई."

आमच्याकडं तेव्हा ताक विकत नसत. ज्याच्या घरी घुसळण, त्याच्या दारात सकाळी बाया तांब्या घेऊन उभ्या राहायच्या आणि घरधनीण वाढायची. मागायला लाज नव्हती, द्यायला तोरा नव्हता. त्या साली वैरण आखूड पडल्यानं दुभती जनावरं मोजकीच राहिली होती. बायकोला दुसऱ्याच्या दारात पाठवावं, तर लोक विचारणार, दिराचं दार सोडून इकडं कशाला? म्हणून मी तिला सांगून टाकलं, कुणाच्याच दारात जायचं नाही, ताकावाचून कुणी मरत नाही. हे माझे शब्द. ती "बरं" म्हणाली.

तुरीला धुकं लागून फुलोरा गळाला. सरकारच्या लेव्हीत घालून उरली ती ज्वारी घरात. रोज भाकरी आणि मिरचीचा ठेचा, कधी अंबाडीची भाजी. मूठभर डाळ शिजली तर ती माझ्या ताटात. बाईमाणसानं मागून जेवायचं, तिच्या वाट्याला भाकरी आणि पाणी. मी कापसाच्या गाड्या घेऊन पूर्णेच्या ठेसनावर जायचो. तिथं खानावळीत डाळ, मटणाचा रस्सा, वर दुधाचा चहा. घरी येऊन तिला म्हणायचो, "मी बी ज्वारीच खातो की. मला काय धाड भरली?" तिनं ठेसन पाहिलं नव्हतं.

माघात तिची जीभ लाल झाली, ठेचा झोंबायला लागला. मग ती कोरडी भाकर पाण्यात कुस्करून खाऊ लागली. मग पोट सुटलं, ते राहीनाच. चैताचं ऊन तापलं तसे तिच्या हातांचे पंजे मागच्या अंगानं काळे पडले, भाजल्यावानी. पावलं काळी झाली. गळ्याभोवती काळा पट्टा उमटला, जणू लोखंडी हसळी घातली आहे. आडावर बाया तिच्यापासून हातभर लांब राहून पाणी भरू लागल्या.

डोकं सगळ्यात शेवटी गेलं. आधी मीठ घालायला विसरायची. मग पीठ मळता मळता थांबायची आणि हात तसेच परातीत ठेवून रडायची. का रडतेस म्हटलं तर म्हणायची, "मलाच ठावं न्हाई." एकदा भर दुपारी मला विचारलं, "अवं, म्हशीला पाणी दावलं का?"

"कोणच्या म्हशीला?"

"आपल्या."

मी चिडून बाहेर गेलो. मला वाटलं टोमणा मारते आहे.

गावच्या वैद्यानं नाडी पाहिली आणि म्हणाला, "पोट धरत न्हाई तर पोटाला काम देऊ नगा. ज्वारीची पातळ पेज द्या, दुसरं काईबी न्हाई." मी ऐकलं. त्या महिन्यात शेजारणीनं वाटीभर वरण आणून दिलं होतं, ते मी पथ्य म्हणून परत केलं. जे आधी मूठभर काही पोटात जात असंल तेही बंद केलं. महिनाभर मी तिला नेमानं, माझ्या हातानं, तेच पाजत होतो ज्यानं ती चालली होती.

वैशाखात तिला गाडीत घालून पूर्णेला नेलं आणि रेल्वेनं परभणीला. तिथल्या डॉक्टराचं लय नाव ऐकलं होतं. हैदराबादेत शिकलेला, बोलायला मऊ. मी जरीकाठी पटका बांधून गेलो. त्यानं तिचे दोन्ही पंजे उजेडाकडं धरले, मग गळा पाहिला, जीभ पाहिली. आणि औषधाचं काही न बोलता मला विचारलं, "क्या खाती ये?"

"ज्वारी, साहेब."

"सिर्फ ज्वारी? दूध, दही, छाछ? दाल? गोश्त?"

बाकावर दुसरे लोक बसले होते. दोघं तर आमच्याच शिवेवरच्या गावचे. मला ऐकू आलं ते एवढंच, की हा माणूस चारचौघांत विचारतो आहे, तू बायकोला पोसतोस का?

"सब खाती, साहेब," मी म्हणालो. "घर में भैंस है."

बायकोनं मान वर केली. कितीतरी दिवसांनी तिच्या तोंडावर हसू आलं. "आली का म्हैस?" तिनं हळूच विचारलं.

डॉक्टर तिच्याकडं पाहत राहिला, मग माझ्याकडं. "पक्का?"

"मी काय खोटं बोलतो?"

त्यानं मलम दिलं, पोटाच्या पुड्या दिल्या, आणि महिन्यानं आणा म्हणाला. मी नेलं नाही.

जेठात एका सकाळी ती घरात दिसेना. भावाच्या अंगणात सापडली. वैनी घुसळत होती आणि ही डेऱ्याजवळ बसून तांब्या दोन्ही हातांनी तोंडाला लावत होती. तेव्हा तिला वाटही धड आठवत नव्हती, तरी त्या दारात पोचली होती. मी तांब्या हिसकला. ताक तिच्या लुगड्यावर, भुईवर सांडलं. ती बोटांनी भुईवरचं निपटून चाटायला लागली.

"अरं, पिऊ दे तिला!" भाऊ ओसरीवरून ओरडला. "ढोराला तरी कुणी पाण्यावरून वढतंय का?"

"तूच म्हणला हुतास ना, माज्या दारात यावं लागंल? आली बघ. आता हास."

"म्या चेष्टा केली हुती रे."

वैनी रडत होती. "भावजी, तुमच्या पाया पडते, घोटभर ऱ्हाऊ द्या."

मी बायकोला दंडाला धरून घरी आणलं. दंड असा हातात आला की आत हाडच. ते मला कळलं होतं, आणि तरी मी आणलं.

आषाढ लागला तसा आसपास पटकीचा बोभाटा झाला आणि सुया टोचायला तोच डॉक्टर आमच्या चावडीत आला. सगळं गाव रांगेत. माझ्यापुढं शेजारचा एक गडी बायकोला घेऊन उभा होता. डॉक्टरानं त्या बाईचा हात धरला आणि थांबला. तिच्या पंज्यावर तोच काळेपणा, नुकता कुठं धरायला लागलेला.

"क्या खाती?"

"ज्वारी, साहेब. दुसरं काय हाय घरात?" गडी सरळ बोलून मोकळा झाला. त्याला काही वाटलं नाही.

डॉक्टर त्याला समजावत बसला. एकच धान्य, त्यातून ज्वारी, वर्ष-वर्ष कोरडी खाल्ली की आधी पोट बिघडतं, मग कातडी, मग डोकं. औषध नको. ताक दे, डाळ दे, भुईमूग दे, जमलं तर मटण दे. दोन महिन्यांत बरी होईल. गड्यानं विचारलं, "बस, इतकंच?" डॉक्टर म्हणाला, "इतकंच."

मग माझी बाही वर करताना त्यानं मला ओळखलं. "अरे पटेल! तुम्हारी औरत कैसी है? और भैंस?"

मागं भाऊ उभा होता. त्याच्यामागं निम्मं गाव. मी म्हणालो, "भैंस नहीं है, साहेब. कभी नहीं थी."

डॉक्टराच्या हातात सुई तशीच राहिली. त्यानं शिवी दिली असती तर बरं झालं असतं. काम टाकून तो माझ्या घरी आला, बायकोची पापणी वर करून पाहिली, नाव विचारलं. तिला नाव सांगता आलं नाही. बाहेर येऊन म्हणाला, "अब भी पिलाओ. थोडा थोडा. लेकिन..." भाऊ दारात उभा होता. हसला नाही. त्यानं हसावं म्हणून मी त्याच्या तोंडाकडं पाहत होतो.

ती त्यानंतर नऊ दिवस राहिली. चमच्यानं दिलेलं ओठाच्या कडेनं वाहून जायचं.

पण डॉक्टर येऊन गेल्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मला ते माहीत नव्हतं. वैनी पहाटेच ताक घेऊन येत होती, तिला मी वाटेतून परत फिरवलं. म्हणालो, मीच येतो. तांब्या राखेनं घासला. पटका बांधला नाही. भावाच्या दारात बायांची रांग होती, एक गडी माणूस तांब्या घेऊन आलेला पाहून त्यांनी पदर सावरले. एक म्हातारी म्हणालीच, "ही कोण गं नवी सासुरवाशीण?" कुणी हसलं नाही. वैनीनं डेऱ्याजवळून हाक मारली, "भावजी, म्होरं या."

माझ्यापुढं सात बाया होत्या. मी पुढं गेलो नाही. रांगेच्या शेवटी उभा राहिलो.